तिऱ्हाईत भरमाण्णा

भरमाण्णांच्या मिशा पुऱ्या वाढलेल्या मी कधीच पाहिल्या नाहीत. मिशी म्हणावी इतपत ती ओठावर यायला लागली, की निपाणीपासून खानापुरापर्यंत कुठे तरी एखादा जमीनदार डोळे मिटायचा आणि भरमाण्णा न्हाव्यापुढे जाऊन बसायचे. आमच्याकडे बाप किंवा चुलता गेला की डोकं आणि मिशा उतरवतात. भरमाण्णांचे वर्षाकाठी पाच-सहा बाप-चुलते जायचे. कोर्टाबाहेर चिंचेखाली बसणारा न्हावी त्यांना लांबून येताना बघूनच वस्तऱ्याला धार लावायला घ्यायचा आणि विचारायचा, "आज कोन गेलं, अण्णा?"

हा माणूस वेडा नव्हता. वेड्याची दया येते, आणि भरमाण्णांची बेळगावच्या कोर्टात कुणालाच दया येत नव्हती, संशय येत होता. मला सगळ्यांत जास्त. मी शाळामास्तर, आणि शाळा सुटली की कोर्टात जाऊन दावे ऐकायचा मला नाद. दरसाल चाळीस पोरं माझ्यापुढे उभी राहून साळसूद तोंडानं खोटं बोलतात, त्यामुळे माणूस बघितला की माझी एक भुवई आपोआप वर जाते. भरमाण्णांना बघितलं की दोन्ही जायच्या.

त्यांचा उद्योग असा होता. कुठेही भावाभावांत वाटणीचा दावा लागला, की वादीचा एक कागद, प्रतिवादीचा एक कागद आणि त्यांच्या पाठोपाठ भरमाण्णांचा तिसरा कागद कोर्टात यायचा. 'अर्जदार हा मयताचा भाऊबंद असून त्यासही दाव्यात सामील करून घ्यावे.' वकील त्यांचं काम घ्यायचे नाहीत, म्हणून अर्ज ते स्वतः लिहायचे आणि बोलायलाही स्वतःच उभे राहायचे. बरोबर मोठ्या कागदावर काढलेली वंशावळ असायची. मूळ पुरुष वर, त्याची मुलं खाली, त्यांची मुलं त्याखाली, आणि कडेला कुठे तरी एका बारीक फांदीवर भरमाण्णा बसलेले. आडनाव दाव्यागणिक बदलायचं. जज्जसाहेब अर्ज वाचायचे, दोन प्रश्न विचारायचे आणि नामंजूर करायचे. भरमाण्णा हात जोडून "बरं साहेब" म्हणायचे, रुमाल डोक्याला गुंडाळायचे आणि शेजारच्या कोर्टात काय चाललंय ते बघायला जायचे.

मिशांचा मामला यातूनच आलेला. आमच्या मुलखात भाऊबंद कोण, हे कागदावरून कमी आणि सुतकावरून जास्त ठरतं. साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहिला की वकील हमखास विचारणार, "म्हातारा वारला तेव्हा यांनी सूतक धरलं होतं काय?" हा प्रश्न भरमाण्णांनी केव्हा तरी ऐकला असावा. तेव्हापासून ते त्याचं उत्तर तोंडावर घेऊनच फिरत होते.

एकदा त्यांनी अर्जात लिहिलं की मयतानं मला दत्तक घेतलं होतं. समोरच्या वकिलानं हिशेब करून दाखवलं की मयत वारला तेव्हा भरमाण्णा जन्मलेच नव्हते. भरमाण्णा म्हणाले, "घ्यायची इच्छा हुती त्यांची." त्या दिवशी जज्जसाहेबांनी चष्मा पुसण्याचं निमित्त करून तोंड खाली घातलं.

दुसऱ्या एका दाव्यात त्यांनी एका लिंगायत घराण्याचं सूतक धरलं. गुळगुळीत तोंडानं दारात जाऊन बसले. त्या घरातल्या म्हाताऱ्यानं त्यांना बघितलं, विचारपूस केली आणि शांतपणे सांगितलं, "नमगे सूतक इल्लप्पा." म्हणजे आमच्यात सूतकच नसतं बाबा. लिंगायतांत खरंच नसतं. भरमाण्णांनी हात जोडले, म्हाताऱ्यानं दिलेलं ताक प्यायले आणि परत आले. मिशा मात्र गेल्या त्या गेल्या.

आता यात त्यांना मिळत काय होतं, हे कोडं कुणालाच सुटत नव्हतं. असा माणूस त्रास देतो तो पैसे उकळण्यासाठी, हे शेंबडं पोरही सांगेल. पण पक्षकारांनी काही देऊ केलं तर भरमाण्णा हात मागे घ्यायचे. त्यामुळे संशय कमी व्हायच्या ऐवजी वाढायचा. "पैशाला हात लावीना म्हंजे जमिनीवर डोळा हाय," असं सगळे म्हणायचे, आणि सगळ्यांत मोठ्यांदा मी. निपाणीला तंबाखूच्या वखारीत ते मोसमापुरतं काम करायचे. बाकीचे दिवस बेळगावात, कोर्टाच्या आसपास. बायको नाही, पोर नाही, घर नाही. असल्या माणसाच्या मनात काय चाललेलं असेल, याची मला शाळेत फळ्यावर लिहिता लिहिताही काळजी वाटायची.

आणि एक दिवस हे संकट आमच्याच दारात येऊन बसलं.

आमचं गाव बेळगुंदी. माझे आजोबा वारले. तिसऱ्या दिवशी रक्षा सावडून आम्ही परत आलो, तर कट्ट्यावर भरमाण्णा. डोकं आणि ओठ दोन्ही ताजे. वडील पुढे झाले.

"तुमी कोन म्हनायचं?"

"भाऊबंद की."

"कुटलं?"

"निपानीकडलं. आज्जा लई चांगला मानूस हुता बगा."

आजोबा चांगले नव्हते. भरमाण्णांनी त्यांना कधी बघितलंही नव्हतं. पण वडिलांना वाटलं, हा धाकट्या भावानं आणलेला माणूस. आणि काकांना वाटलं, हा दादानं आणलेला. दोघांनाही आपला संशय दुसऱ्याला कळू द्यायचा नव्हता. म्हणून दोघांनीही त्यांना चहा दिला. अशा रीतीनं दहा दिवस भरमाण्णा रोज येऊन आमच्या कट्ट्यावर आमच्यापेक्षा गंभीर चेहऱ्यानं बसले.

मी त्यांच्यावर नजर ठेवून होतो. सातव्या की आठव्या दिवशी ते कट्ट्यावर दिसेनात, म्हणून मी घराला वळसा घालून मागे गेलो. परसात धाकटी काकू भांडी घासत होती आणि भरमाण्णा दोन हात लांब उकिडवे बसून वहीत काही तरी लिहीत होते. मला बघताच वही मिटली आणि ते पुढच्या दाराला निघून गेले.

धाकटी काकू म्हणजे माझ्या सगळ्यांत धाकट्या काकांची बायको. ते पटकीनं गेले त्याला तेव्हा बारा वर्षं झाली होती. मूलबाळ नाही. माहेर होतं, त्यातली माणसं संपली होती. घरात तिला सगळे 'धाकटी' म्हणायचे. पहाटे शेण काढण्यापासून निजायच्या आधी चूल सारवण्यापर्यंत सगळं तीच करायची, आणि घरातल्या कुठल्याही बोलण्यात ती नसायची.

"काय विचारत होता गं तो?" मी म्हटलं.

"नाव इचारलं माजं."

"आणखी?"

"म्हायारचं नाव इचारलं. आयचं बाचं इचारलं."

"आणखी काय? जमिनीचं?"

"न्हाय बा," ती म्हणाली आणि कढई घासायला लागली.

माझा काही विश्वास बसला नाही. एवढी पायपीट करून माणूस भांडी घासणाऱ्या बाईचं नाव विचारायला येत नाही. मी वडिलांना सांगितलं की हा बाजूबाजूनं पोखरतोय.

वर्ष सरायच्या आत वडिलांनी मधल्या काकांवर वाटणीचा दावा लावला. पाण्याकडचं भाताचं शेत दोघांनाही हवं होतं. दाव्याला वंशावळ लागते. माझं अक्षर चांगलं, म्हणून ती काढायचं काम माझ्याकडे आलं. मी आजोबा लिहिले, त्यांच्याखाली तीन मुलं लिहिली. तिसऱ्याच्या नावापाशी थांबलो आणि वडिलांना विचारलं, "काकूचं काय?"

"काय काय? मयत, निपुत्रिक, असं लिव आणि रेघ मार."

मी लिहिलं आणि रेघ मारली. पट्टी धरून मारली, सरळ यावी म्हणून. काकांनी आपल्या बाजूनं वेगळी वंशावळ दिली, तिच्यातही तसंच लिहिलेलं होतं. सबंध दाव्यात दोघा भावांचं एकमत झालं ते एवढ्या एका गोष्टीवर. त्या काळच्या कायद्यानं विधवेला हिस्सा मागता येत नव्हता, पण पोटगी आणि राहायला जागा मागता येत होती, आणि ती कागदावरच नसली तर मागणार कोण? घराच्या मध्ये भिंत घालायचं ठरलं होतं. भिंतीच्या अलीकडे काय आणि पलीकडे काय, दोन्हीकडे तिला खोली नव्हती. "जाईल कुटं तरी," असं वडील एकदा म्हणाले. हे सगळं मला माहीत होतं. मी मान खाली घालून अक्षर वळणदार काढत होतो. आज हे लिहिताना शरम वाटते, त्या दिवशी वाटली नव्हती.

अपेक्षेप्रमाणे तिसरा कागद आला. भरमाण्णांचा अर्ज. आजोबांचा एक चुलतभाऊ फार वर्षांपूर्वी निपाणीला गेला तो तिकडेच खपला. भरमाण्णा म्हणे त्याचे. वडील म्हणाले, हे काकांचं काम. काका म्हणाले, दादाचं. वडिलांचे वकील म्हणाले, "तारीख लांबेल, बाकी काही होत नाही," तेव्हा मला वकिलांचाही संशय आला.

मी भरमाण्णांना गाठायचं ठरवलं. शाळा सुटल्यावर कोर्टात गेलो. व्हरांड्यात बाकावर बसून ते गूळ-शेंगा खात होते. मला बघून सरकून जागा केली. मी बसलो नाही.

"भरमाण्णा, काय पाहिजे तुम्हाला?"

"बसा की, मास्तर."

"एक पोतं तांदूळ पाठवतो. बेळगुंदीचा, यंदाचा. अर्ज मागे घ्या."

"तांदूळ लई झाला मला एकट्याला," ते म्हणाले. "मास्तर, तुमी काढलासा न्हवं ती वंशावळ? अक्षर झ्याक हाय. पर झाड पुरं न्हाय तुमचं."

मला वाटलं, आता हा धमकी देणार. "म्हणजे काय म्हणायचंय तुम्हाला?"

"काय न्हाय. कुनाचंच पुरं नसतंय. बाप्या मानसास्नी इचारलं की चार नावं ऱ्हात्यात. म्हनून मी परसात जाऊन इचारतो." त्यांनी शेंगेची टरफलं गोळा केली, खिडकीतून बाहेर टाकली आणि म्हणाले, "काढायचं तर समद्यास्नी घेऊन काढावं. मग माजी फांदी खोटी निगाली तरी चालंल."

मी परत येताना सायकल जोरात मारली. हा माणूस महा बेरकी आहे, असं मी वडिलांना सांगितलं. काकूचं नाव घेऊन तो आम्हाला कोंडीत पकडणार, आणि मग आपला भाव सांगणार. भाव काय असेल यावर आम्ही बापलेक दोन रात्री बोलत होतो.

तारखेला आम्ही सगळे हजर. भरमाण्णा उभे राहिले. जज्जसाहेबांनी तिन्ही वंशावळी टेबलावर शेजारी शेजारी मांडल्या. आधी भरमाण्णांना विचारलं, "तुमच्या बापाचं नाव?" त्यांनी अर्जातलं नाव सांगितलं. "पुरावा?" भरमाण्णांनी ओठावरून हात फिरवला. कोर्टात खसखस पिकली. साहेबांनी अर्ज नामंजूर केला. वडिलांनी माझा हात दाबला. मीही सुटल्यासारखा श्वास सोडला.

पण साहेब कागद बाजूला ठेवीनात. भरमाण्णांच्या वंशावळीवर बोट ठेवून त्यांनी आमच्या वकिलांना विचारलं, "ही तुळसा कोण?"

आमच्या वकिलांनी काकांच्या वकिलांकडे बघितलं. काकांच्या वकिलांनी काकांकडे. काकांनी वडिलांकडे. वडिलांनी माझ्याकडे. मी कुणाकडे बघणार? भिंतीकडे बघितलं.

"या दोन्ही कागदांवर तिसरा मुलगा मयत, निपुत्रिक," साहेब म्हणाले. "या तिसऱ्या कागदावर त्याची बायको हयात आहे, गाव दिलंय, माहेर दिलंय, आईबापांची नावं दिलीत. अर्जदार खोटा असेल. बाई आहे की नाही?"

"आहे," आमचे वकील म्हणाले. इतक्या बारीक आवाजात मी त्यांना कधी बोलताना ऐकलं नव्हतं.

साहेबांनी काकूला दाव्यात सामील करायचा हुकूम दिला.

पुढल्या तारखेला काकू आली. आम्ही तिला गाडीत घेतलं नव्हतं. जागा नाही म्हणून सांगितलं होतं. ती अंधारात घर सोडून चालत आली होती. कोर्टानं तिला वकील बघून दिला होता, पण वकीलपत्रावर अंगठा उठवायचा तर ही बाई तीच बाई आहे असं सांगणारा माणूस लागतो. ओळख द्यायची म्हणतात त्याला. ओळख देणाऱ्यानं आपलं नाव, गाव, नातं सांगून खाली सही करायची. तेवढं झालं नाही तर अंगठ्याला किंमत नाही, आणि तारीख पुढे.

शिरस्तेदारांनी, म्हणजे कोर्टाच्या मुख्य कारकुनांनी, विचारलं, "ओळख कोण देतंय?"

वडील रुमालानं मान पुसायला लागले. काका हातातले कागद चाळायला लागले. ओळख दिली की तिचा हक्क आपल्या सहीनं कबूल केल्यासारखं होणार होतं. काकू टेबलापाशी पदर घट्ट ओढून उभी होती. मी पाऊल उचललं. खरंच उचललं. वडिलांनी नुसतं माझ्याकडे बघितलं, आणि मी चपलेत खडा गेल्यासारखं करून ते जागच्या जागी ठेवलं.

"कुणी नाही? मग पुढची तारीख घ्या, बाई."

"मी देतो वळख," मागून आवाज आला. भरमाण्णा पुढे आले. व्हरांड्यातली माणसं हसली. शिरस्तेदारही हसले, कारण नातं सांगण्यात या माणसाचा हात धरणारा कोणी नव्हता.

"बोला. नाव?"

"भरमा."

"बापाचं नाव?"

मी वाट बघत होतो. आता हे आमचं आडनाव लावणार, आणि मी पुढे होऊन हरकत घेणार होतो.

"ठावं न्हाय, साहेब."

शिरस्तेदारांनी टाक थांबवला. "गेल्या तारखेला तर सांगितलंत."

"त्ये खोटं हुतं. निपानीला प्लेग आलता. गाव भाईर छपरात ऱ्हायलेलं. प्लेग सरल्यावर समदी परत गेली, तवा मी छपरातच हुतो. कुनाचा त्ये कुनालाच ठावं न्हाय. वखारीतल्या मानसांनी वाडवलं."

कुणी हसलं नाही. त्यांचे इतक्या दाव्यांतले अर्ज मी ऐकले होते. हे वाक्य त्यांतल्या एकातही नव्हतं. असतं तर तेवढ्यावरच अर्ज नामंजूर झाला असता.

"या बाईंशी नातं?" शिरस्तेदारांनी हळू विचारलं.

आजा, चुलता, मावसभाऊ, दत्तक, सगळी नाती त्यांच्या जिभेवर असायची. त्यांतलं एकही त्यांनी घेतलं नाही.

"नातं न्हाय. वळखतो नुस्ता."

"भाऊ लिवा," काकू म्हणाली.

तिचा आवाज आमच्यापैकी कुणी चारचौघांत ऐकलेला नव्हता. वडीलही चमकून तिच्याकडे बघायला लागले.

"बाई, हे कोर्ट आहे. असं कसं लिहिता येईल?"

"माजी मानसं ती तितं हुबी हायत," तिनं आमच्याकडे न बघता हात केला. "ती काय लिवतासा?"

शिरस्तेदारांनी आमच्याकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. मग टाक दौतीत बुडवून त्यांनी लिहिलं आणि वाचून दाखवलं, "नातं, मानलेला भाऊ. इथं सही करा."

भरमाण्णा कागदावर वाकले. ते एकच ओळ पुन्हा पुन्हा वाचत होते. "साहेब," त्यांनी विचारलं, "ह्ये परत जज्जसायबाकडं जातंय काय? मंजूर-नामंजुरीला?"

"नाही हो," शिरस्तेदार म्हणाले. "याला मंजुरी लागत नाही."

त्यांनी सही केली. नुसतं 'भरमा' लिहायला त्यांना फार वेळ लागला. काकूनं अंगठा उठवला आणि शाई पुसायला काही सापडेना म्हणून हात तसाच धरून उभी राहिली. भरमाण्णांनी डोक्याचा रुमाल काढून तिला दिला.

"जेवलीस काय गं?"

"कुटलं. दिस उगवायच्या आदी निगालो."

"भाकरी हाय माज्याजवळ. चल, तिकडं सावलीला बसू."

ती दोघं व्हरांड्याच्या पायऱ्या उतरून गेली. वडील, काका आणि मी, तिघे सख्खे, तिथेच उभे होतो. गाडीत आमचं जेवण होतं. आम्हाला चल म्हणायला कुणी नव्हतं.